विश्लेषण : ४४ आणि ६४ रुपयांचा तांदूळ मिसळला, तर किलोचा भाव ५४ का नाही?

दोन वेगवेगळ्या भावांचा माल एकत्र केला की मिश्रणाचा नवा भाव काढावा लागतो. किराणा दुकानात, खानावळीत, कारखान्यात आणि भरती परीक्षेच्या प्रश्नपत्रिकेतही. बहुतेक जण दोन भावांची बेरीज करून दोनाने भागतात आणि तिथेच हिशेब चुकतो. भोसरीसारख्या कष्टकऱ्यांच्या उपनगरात ही चूक कधी परीक्षेतला एक गुण घालवते, तर कधी महिन्याच्या नफ्यातले काही शे रुपये. हे गणित नेमके कसे सुटते, त्यामागचे तत्त्व काय आणि साडेआठशेहून अधिक वर्षांपूर्वीच्या ‘लीलावती’शी त्याचा संबंध काय, याचा हा आढावा. (लेखातील आजचे भाव हिशेब समजावा म्हणून घेतलेले आहेत.)

भोसरीत हा हिशेब कुठे लागतो?

पुणे-नाशिक रस्त्यावरची भोसरी ओळखली जाते ती एमआयडीसीमुळे. महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळाची स्थापना १९६२ मध्ये झाली आणि त्यानंतरच्या दशकांत पिंपरी-चिंचवड, भोसरी, पुढे चाकण असा कारखान्यांचा पट्टा उभा राहिला. कामासाठी मराठवाडा, खान्देश, विदर्भापासून बिहारपर्यंतची माणसे येथे आली. त्यांच्यासाठी खानावळी आल्या, सुट्या धान्याची दुकाने आली, बचत गटांचे पदार्थ आले आणि मुलांसाठी अभ्यासिकाही आल्या.

खानावळवाला भाताचा खर्च आटोक्यात ठेवण्यासाठी कोलममध्ये तुकडा तांदूळ मिसळतो. प्लॅस्टिकचे सुटे भाग बनवणारा लघुउद्योजक नव्या दाण्यात दळलेला जुना दाणा मिसळतो. फाउंड्रीत भट्टीत वेगवेगळा माल पडतो. दिवाळीच्या आधी बचत गट चकलीची भाजणी विकायला काढतो. या सर्वांपुढचा प्रश्न एकच असतो : वेगवेगळ्या भावांचा माल एकत्र केल्यावर किलोमागे पडला किती?

सरासरी काढताना चूक कुठे होते?

समजा, तुकडा तांदूळ ४४ रुपये किलो आहे आणि कोलम ६४ रुपये. दोन्ही भावांची सरासरी ५४. पण हे उत्तर एकाच परिस्थितीत बरोबर ठरते, ती म्हणजे दोन्ही तांदूळ सारख्याच वजनाचे घेतले असतील तर.

खानावळीने २० किलो तुकडा आणि ३० किलो कोलम घेतला, असे धरू. तुकड्याचे झाले ८८० रुपये, कोलमचे १,९२०. एकूण २,८०० रुपये आणि एकूण वजन ५० किलो. २,८०० भागिले ५०, म्हणजे किलोमागे ५६ रुपये. आता प्रमाण उलटे करू : ३० किलो तुकडा आणि २० किलो कोलम. तुकड्याचे १,३२० आणि कोलमचे १,२८०, असे २,६०० रुपये. भाव आला ५२.

म्हणजे माल तोच, भाव तेच, तरी मिश्रणाचा भाव एकदा ५६ आणि एकदा ५२. ज्याचे वजन जास्त, त्याच्याकडे भाव झुकतो. महिन्याला ३०० किलो तांदूळ लागणाऱ्या खानावळीने कोलम जास्त वापरून भाव मात्र ५४ धरला, तर किलोमागे २ रुपये, म्हणजे महिन्याला ६०० रुपये हिशेबातून निसटतात. थाळीचा दर ठरवताना हा खर्च धरलाच गेलेला नसतो. त्यामुळे धंदा चालतो, पण हातात पैसे कमी का राहतात, ते कळत नाही.

भावांची बेरीज का चालत नाही?

कारण भाव ही स्वतंत्र वस्तू नाही. तो पैसे आणि वजन यांचा भागाकार आहे. ‘६४ रुपये किलो’ याचा अर्थ एका किलोमागे ६४ रुपये. दोन पोती एकत्र ओतली की वजनांची बेरीज होते आणि मोजलेल्या पैशांचीही बेरीज होते. भावांची मात्र होत नाही. ताशी ४० किलोमीटर आणि ताशी ६० किलोमीटर या वेगांची जशी थेट सरासरी काढता येत नाही, तसेच हे आहे.

म्हणून सगळ्या मिश्रणाच्या गणितांचा पाया एका ओळीत सांगता येतो : वजने मिळवा, पैसे मिळवा आणि शेवटी पैशांना वजनाने भागा. माल दोन प्रकारचा असो की दहा प्रकारचा, हा क्रम बदलत नाही.

सारख्या वजनाऐवजी सारख्या पैशांचा माल घेतला, तरीही सरासरी फसवते. ४० रुपये किलोचा तांदूळ ६०० रुपयांचा आणि ६० रुपये किलोचा तांदूळही ६०० रुपयांचा घेतला, तर पहिला १५ किलो येतो, दुसरा १० किलो. एकूण १,२०० रुपयांत २५ किलो, म्हणजे भाव ४८. पैसे सारखे असले तरी स्वस्त माल वजनाने जास्त आला, म्हणून भाव ५० च्या खाली राहिला.

भाव आधी ठरला असेल, तर प्रमाण कसे काढायचे?

व्यवहारात अनेकदा प्रश्न उलटा असतो. खानावळवाल्याला परवडणारा भाव ५० रुपये आहे. मग ४४ चा तुकडा आणि ६४ चा कोलम कोणत्या प्रमाणात मिसळावा?

येथे थोडा नफ्या-तोट्याचा विचार केला की गणित सोपे होते. मिश्रण ५० ला पडायचे आहे. तुकड्याचा प्रत्येक किलो ५० पेक्षा ६ रुपये स्वस्त आहे, म्हणजे प्रत्येक किलोला ६ रुपये वाचतात. कोलमचा प्रत्येक किलो १४ रुपये महाग आहे, म्हणजे प्रत्येक किलोला १४ रुपये जास्त जातात. वाचलेले आणि जास्त गेलेले पैसे सारखे झाले की मिश्रण बरोबर ५० ला पडते. ७ किलो तुकड्यात वाचतात ४२ रुपये, ३ किलो कोलममध्ये जास्त जातात ४२ रुपये. म्हणून प्रमाण ७ : ३.

हेच प्रमाण झटपट काढण्यासाठी भरती परीक्षेच्या पुस्तकांत तिरकस वजाबाकी शिकवतात. महाग भावातून मधला भाव वजा करा : ६४ वजा ५०, म्हणजे १४. हा आकडा स्वस्त मालाचा. मधल्या भावातून स्वस्त भाव वजा करा : ५० वजा ४४, म्हणजे ६. हा आकडा महाग मालाचा. स्वस्त आणि महाग यांचे प्रमाण १४ : ६, म्हणजेच ७ : ३. फरक ‘उलट्या बाजूला’ का लिहायचे, हे अनेकांना कोडे वाटते. त्याचे उत्तर वरच्या वाचलेल्या आणि जास्त गेलेल्या पैशांत आहे : ज्या मालाचा भाव मधल्या भावापासून लांब, तो कमी घ्यावा लागतो. लहान मुलांच्या सी-सॉवर जड मुलाला मध्याजवळ बसवावे लागते आणि हलके मूल टोकाला बसते, तसाच हा तोल.

एकूण वजन दिले असेल तर समीकरणही चालते. ५० किलो मिश्रण हवे आहे आणि त्यात तुकडा ‘क्ष’ किलो आहे. मग कोलम ‘५० वजा क्ष’ किलो. पैशांचे समीकरण असे : ४४ गुणिले क्ष, अधिक ६४ गुणिले (५० वजा क्ष), बरोबर २,५००. सोडवले की क्ष = ३५. म्हणजे ३५ किलो तुकडा आणि १५ किलो कोलम. प्रमाण पुन्हा ७ : ३ च येते. पडताळा : ३५ किलोचे १,५४० आणि १५ किलोचे ९६०, एकूण २,५००.

ही युक्ती आली कुठून?

इंग्रजी अंकगणितात या रीतीला ‘ॲलिगेशन’ म्हणतात. मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ ‘बांधणे’. युरोपातल्या व्यापारी गणिताच्या पुस्तकांतून हा शब्द आपल्याकडच्या परीक्षांच्या पुस्तकांत आला. पण रीत भारतीय गणिताला नवी नव्हती. भास्कराचार्यांनी ११५० च्या सुमारास लिहिलेल्या ‘लीलावती’त ती स्पष्ट आढळते, फक्त तिथे तांदळाऐवजी सोने आहे.

सोन्याच्या शुद्धतेला ‘लीलावती’त ‘वर्ण’ म्हटले आहे. आजच्या भाषेत कस. एका उदाहरणात १६ वर्णाचे आणि १० वर्णाचे सोने एकत्र वितळवून १२ वर्णाचे सोने झाले, तर प्रत्येक सोने किती होते, असे विचारले आहे. भास्कराचार्यांचा नियम तोच : १६ मधून १२ गेले ४, हे हलक्या सोन्याचे वजन. १२ मधून १० गेले २, हे भारी सोन्याचे वजन. म्हणजे १६ वर्णाचे २ भाग आणि १० वर्णाचे ४ भाग. हे फरक कोणत्याही एकाच संख्येने गुणले तरी उत्तर चालते, हेही त्या नियमात आहे. भोसरीच्या अभ्यासिकेत आज मुले जी तिरकस वजाबाकी घोकतात, ती हीच.

भास्कराचार्यांचे नाते महाराष्ट्राशी आहे. त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी नातू चांगदेव याने मठ स्थापन केल्याचा शिलालेख जळगाव जिल्ह्यात चाळीसगावजवळच्या पाटण येथे आहे. तो शके ११२८, म्हणजे इसवी सन १२०७ चा असून डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो अभ्यासकांपुढे आणला.

‘लीलावती’त धान्याचे गणित आहे का?

आहे, आणि ते आजच्या स्वयंपाकघराला फार जवळचे आहे. एक प्रवासी घाईत आहे. सोबतची मंडळी पुढे निघणार, म्हणून त्याला पटकन जेवण उरकायचे आहे. एका द्रम्माला साडेतीन मापे तांदूळ मिळतात आणि आठ मापे मूग. त्याच्याकडे १३ काकिणी आहेत. त्याला दोन भाग तांदूळ आणि एक भाग मूग हवे आहेत, खिचडीचेच म्हणावे असे प्रमाण. वाण्याने किती तांदूळ आणि किती मूग द्यावेत?

त्या काळी १ द्रम्म म्हणजे १६ पण आणि १ पण म्हणजे ४ काकिणी. म्हणजे एका द्रम्मात ६४ काकिणी. एक माप मूग पडले ६४ भागिले ८, म्हणजे ८ काकिणींना. एक माप तांदूळ ६४ भागिले साडेतीन, म्हणजे १८ पूर्णांक २/७ काकिणींना. दोन मापे तांदूळ आणि एक माप मूग असा संच घेतला, तर खर्च ३६ पूर्णांक ४/७ अधिक ८, म्हणजे ४४ पूर्णांक ४/७ काकिणी. प्रवाशाच्या १३ काकिणी त्या संचाच्या ७/२४ भागाला पुरतात. म्हणून तांदूळ ७/१२ माप आणि मूग ७/२४ माप.

आकडे अवघड वाटले तरी पद्धत खानावळीचीच आहे : ठरलेल्या प्रमाणाचा एक संच धरा, त्याचे पैसे काढा आणि हातातल्या पैशांना त्याने भागा. एक गंमतही लक्षात येते. या उदाहरणात मूग तांदळाच्या निम्म्याहून कमी भावाला आहे. आज चित्र उलटे आहे. मुगाची डाळ साध्या तांदळापेक्षा बरीच महाग असते.

मिसळल्यावर वजन घटले तर?

खऱ्या व्यवहारात सर्वाधिक पैसे बुडतात ते येथे. परीक्षेतल्या तांदळाचे वजन मिसळल्यावर तेवढेच राहते. भाजणी, ओतकाम किंवा निवडलेले धान्य यांचे तसे नसते.

चकलीच्या भाजणीचे उदाहरण घेऊ. ४ किलो तांदूळ ५० रुपयांनी (२०० रुपये), २ किलो हरभरा डाळ ९० रुपयांनी (१८० रुपये), १ किलो उडीद डाळ १३० रुपयांनी (१३० रुपये) आणि अर्धा किलो मूग डाळ १२० रुपयांनी (६० रुपये). धने-जिऱ्याचा खर्च सोपेपणासाठी बाजूला ठेवू. एकूण ७.५ किलो माल आणि ५७० रुपये, म्हणजे किलोला ७६. चार भावांची नुसती सरासरी काढली असती, तर आकडा ९७.५० आला असता. स्वस्त तांदूळ निम्म्याहून जास्त आहे, हे त्या सरासरीला कळतच नाही.

पण भाजल्यावर ओलावा जातो, दळताना थोडे पीठ गिरणीत राहते. समजा, हातात ७.२ किलो पीठ आले आणि गॅस व दळणाचे ७८ रुपये झाले. आता एकूण खर्च ६४८ रुपये आणि वजन ७.२ किलो. किलोमागे पडले ९० रुपये. हाच खर्च जुन्या ७.५ किलोने भागला, तर ८६.४० येतात. किलोमागे ३ रुपये ६० पैशांचा हा फरक ज्या गटाने धरला नाही, त्याने शंभर किलो भाजणी विकली तर ३६० रुपये विनामोबदला गेले. म्हणून नियम असा : पैसे सुरुवातीपासूनचे सगळे धरा, वजन मात्र शेवटी हातात उरलेले धरा.

घटीचा हा विचारही ‘लीलावती’त आहे. १३, १२, ११ आणि १० वर्णाचे सोने अनुक्रमे १०, ४, २ आणि ४ मासे घेतले. वजन आणि वर्ण यांचे गुणाकार मिळवले की १३० अधिक ४८ अधिक २२ अधिक ४०, म्हणजे २४०. वजन २० मासे. म्हणून कस १२. पुढे विचारले आहे की शुद्ध केल्यावर २० माशांचे १६ मासेच उरले, तर कस किती? उत्तर २४० भागिले १६, म्हणजे १५. वरची बेरीज तीच राहते, भागायचे वजन बदलते. भाजणीच्या हिशेबात हेच केले.

कारखान्यात हेच सूत्र चालते का?

भावासाठी तर चालतेच. नवा प्लॅस्टिक दाणा ११० रुपये किलो आणि दळलेला जुना दाणा ७० रुपये किलो असेल आणि ७५ : २५ असे मिश्रण केले, तर १०० किलोला ८,२५० अधिक १,७५०, म्हणजे १०,००० रुपये. दर १०० रुपये किलो. जुना दाणा वाढवला की दर उतरतो, पण सुट्या भागाची ताकद आणि रंगही बदलतो. त्यामुळे ग्राहक कंपनीने ठरवलेल्या मर्यादेबाहेर हे प्रमाण जाऊ शकत नाही.

भावाच्या जागी एखादा गुणधर्म ठेवला, तरी सूत्र तेच राहते. फाउंड्रीत बिडाचे ओतकाम करताना कार्बनचे प्रमाण जुळवावे लागते. पिग आयर्नमध्ये सुमारे ४ टक्के कार्बन असतो. पोलादी भंगारात तो खूप कमी, समजा ०.२ टक्के. मिश्रणात ३.४ टक्के हवा असेल, तर तिरकस वजाबाकी करा. ४ वजा ३.४ म्हणजे ०.६, हा भंगाराचा वाटा. ३.४ वजा ०.२ म्हणजे ३.२, हा पिग आयर्नचा. प्रमाण ३ : १६, म्हणजे ९५० किलो मालात १५० किलो भंगार आणि ८०० किलो पिग आयर्न. प्रत्यक्ष भट्टीत कारखान्यातलेच परत आलेले ओतकाम, कार्बन वाढवणारे पदार्थ आणि जळून होणारी घट हेही धरावे लागते आणि रस तपासूनच साच्यात ओतला जातो. पण पहिला अंदाज या वजाबाकीनेच बांधता येतो.

भरती परीक्षेत कुठे फसगत होते?

पोलीस शिपाई भरतीची लेखी परीक्षा १०० गुणांची असते आणि वेळ ९० मिनिटे. अंकगणित हा तिचा एक भाग. म्हणजे एका प्रश्नाला सरासरी एक मिनिटही मिळत नाही. अशा घाईत मिश्रणाच्या प्रश्नात नेहमीच्या चार जागी पाय घसरतो.

पहिली जागा नफ्याची. ४८ आणि ६८ रुपये किलोचा चहा कोणत्या प्रमाणात मिसळावा, म्हणजे ६६ रुपयांनी विकून १० टक्के नफा होईल? येथे मधला भाव ६६ नव्हे. ६६ ही विक्री किंमत आहे. आधी खरेदी किंमत काढावी लागते : ६६ भागिले १.१, म्हणजे ६०. मग ६८ वजा ६० म्हणजे ८ आणि ६० वजा ४८ म्हणजे १२. प्रमाण ८ : १२, म्हणजेच २ : ३. नफा विसरून ६६ धरले तर १ : ९ येते आणि पर्यायांत तेही उत्तर दिसले की उमेदवार निर्धास्तपणे चूक करतो.

दुसरी जागा एककांची. एक भाव क्विंटलचा आणि एक किलोचा दिला असेल, तर आधी दोन्ही एकाच एककात आणावे लागतात. घाऊक बाजारात, उदाहरणार्थ पुण्याच्या मार्केट यार्डातील भुसार विभागात, भाव क्विंटलवर बोलले जातात, दुकानात किलोवर. ४,४०० रुपये क्विंटल म्हणजे ४४ रुपये किलो.

तिसरी जागा पाण्याची. दुधात किती पाणी मिसळले, असा प्रश्न आला की पाण्याचा भाव शून्य धरायचा. ६० रुपये लिटरचे दूध पाणी घालून ६० नेच विकले आणि २० टक्के नफा झाला, तर मिश्रणाची खरेदी किंमत ५० रुपये. ६० वजा ५० म्हणजे १०, हे पाणी. ५० वजा ० म्हणजे ५०, हे दूध. पाणी आणि दूध १ : ५.

चौथी जागा तीन प्रकारच्या मालाची. तीन भाव आणि एक मधला भाव एवढेच दिले असेल, तर एकच निश्चित उत्तर निघत नाही; अनेक प्रमाणे बसतात. आणखी एखादी अट प्रश्नात असतेच. ती शोधल्याशिवाय आकडेमोड सुरू करू नये.

मिश्रण आणि भेसळ यात फरक काय?

गणिताला दोन्ही सारखेच दिसतात, कायद्याला नाही. दुधात पाणी घालण्याचे गणित परीक्षेत गुण देते, पण व्यवहारात ती भेसळ आहे. अन्न सुरक्षा व मानके कायदा, २००६ नुसार असा माल विकणाऱ्यावर कारवाई होऊ शकते आणि राज्यात ही जबाबदारी अन्न व औषध प्रशासनाकडे आहे.

उघडपणे सांगून केलेल्या मिश्रणाला मात्र नियमांत जागा आहे. दोन खाद्यतेले मिसळून विकायची असतील, तर कोणत्याही एका तेलाचे प्रमाण वजनाने २० टक्क्यांपेक्षा कमी असू शकत नाही, ते सुटे विकता येत नाही आणि कोणते तेल किती टक्के, हे पाकिटावर लिहावे लागते. ग्राहकाला येथेच मिश्रणाचे गणित उपयोगी पडते. समजा, साधे तेल १३० रुपयांना आणि महागडे तेल २०० रुपयांना मिळते. पाकिटावर ८० : २० असे लिहिले असेल, तर मालाचा भाव १०४ अधिक ४०, म्हणजे १४४ रुपये. पुढच्या बाजूला महागड्या तेलाचे नाव मोठ्या अक्षरात असले, तरी भाव मात्र ८० टक्के असलेल्या तेलाच्या जवळचाच निघतो.

वेष्टनबंद मालावर आता ‘एकक विक्री किंमत’ही छापलेली असते. वजनमापविषयक नियमांत २०२१ मध्ये केलेल्या दुरुस्तीने ती आणली. एक किलोपेक्षा कमी वजनाच्या पाकिटावर ती दर ग्रॅमला असते, जास्त वजनाच्या पाकिटावर दर किलोला. ०.१४ रुपये प्रतिग्रॅम असे दिसले, तर त्याला हजाराने गुणावे : १४० रुपये किलो. मग छोट्या आणि मोठ्या पाकिटाची तुलना पटकन होते.

उत्तर बरोबर आहे का, हे कसे ओळखायचे?

आकडेमोड संपल्यावर तीन गोष्टी तपासल्या, तर बहुतेक चुका जागीच सापडतात.

एक, मिश्रणाचा भाव सर्वांत स्वस्त आणि सर्वांत महाग यांच्या मध्येच असला पाहिजे. ४४ आणि ६४ च्या तांदळाचे मिश्रण ४२ ला किंवा ६६ ला पडूच शकत नाही. तसे उत्तर आले तर गणित चुकले आहे, किंवा घट, मजुरी, नफा असे काहीतरी त्यात मिसळले आहे.

दोन, भाव जास्त वजनाच्या मालाकडे झुकलेला असला पाहिजे. तुकडा जास्त असताना भाव ५४ च्या वर गेला, तर प्रमाण उलटे लिहिले गेले आहे. तिरकस वजाबाकीतली ही सर्वांत नेहमीची चूक.

तीन, शेवटचा भाव गुणिले शेवटचे वजन बरोबर खर्च झालेले पैसे, हा पडताळा जुळला पाहिजे. ५६ गुणिले ५० म्हणजे २,८००, जेवढे खानावळवाल्याने मोजले तेवढेच. भाजणीत ९० गुणिले ७.२ म्हणजे ६४८, जेवढे गटाने खर्च केले तेवढेच.

पहिले दोन तपास तोंडी होतात, त्यांना कागद लागत नाही. तिसऱ्याला मोबाइलमधला कॅल्क्युलेटर पुरतो. परीक्षा केंद्रात मोबाइल नेता येत नाही, पण तेथे पर्याय समोर असतात आणि पहिल्या दोन तपासांतच त्यांतले एक-दोन पर्याय अनेकदा बाद होतात.